विश्लेषण : सफरचंदासोबतचे पोर्क चॉप घरी वातड का होतात? नेमके किती शिजवायचे?

पोर्क चॉप तव्यावर तळायचे, त्याच तव्यात सफरचंदाच्या फोडी परतायच्या आणि दोन्ही एका ताटात वाढायचे. अमेरिका आणि युरोपातल्या घरांत होणारा हा अर्ध्या तासाचा पदार्थ. साहित्य मोजके, कृती सोपी. तरीही पहिल्यांदा करणाऱ्यांची तक्रार बहुतेक वेळा सारखीच असते : सफरचंद झकास झाले, चॉप मात्र चामड्यासारखा झाला.

यामागे जसे स्वयंपाकाचे विज्ञान आहे, तशी एक भीतीही आहे. डुकराच्या मांसातून जंत होतात, ते मेंदूत जातात, म्हणून ‘आणखी पाच मिनिटे राहू दे’ असे म्हणत गॅस सुरूच ठेवला जातो. ही भीती कितपत खरी? चॉप सुरक्षितही राहील आणि रसरशीतही, असे नेमके तापमान कोणते? आणि सोबत सफरचंदच का? समजून घेऊ.

पोर्क आणि सफरचंद ही जोडी आली कुठून?

युरोपात सफरचंदे शरद ऋतूत तयार होतात. पूर्वी डुकरे कापण्याचा हंगामही थंडीच्या तोंडावरच असे, कारण थंडीत मांस टिकते आणि खारवता येते. दोन्ही गोष्टी एकाच वेळी घरात येत, त्यामुळे त्या एकाच भांड्यात गेल्या. इंग्लंडमध्ये १७४७ साली प्रसिद्ध झालेल्या हॅना ग्लास यांच्या पाककृतींच्या पुस्तकातही भाजलेल्या पोर्कसोबत सफरचंदाचा सॉस आहे. फ्रान्सच्या नॉर्मंडी प्रांतात पोर्कसोबत सफरचंदाची सायडर आणि साय वापरतात. युरोपातून गेलेल्या लोकांबरोबर ही जोडी अमेरिकेत पोहोचली आणि तिथल्या घरगुती जेवणाचा भाग झाली.

चवीचे गणितही सरळ आहे. पोर्कची चरबी जिभेवर रेंगाळते. सफरचंदातील आंबटपणा तो तुपकटपणा कापतो आणि गोडवा मांसाच्या खारट चवीला उठाव देतो. हेच काम गोव्याच्या सोरपोतेलमध्ये व्हिनेगर करते आणि कोडगूच्या पंदी करीमध्ये काचमपुळी. फळ वेगळे, प्रांत वेगळा, पण चरबीला आंबट लागते हा हिशेब तिन्हीकडे एकच.

चॉप म्हणजे नेमका कोणता भाग?

डुकराच्या पाठीच्या कण्याला लागून असलेल्या मांसाचे आडवे काप म्हणजे चॉप. हा स्नायू जनावर फारसे वापरत नाही. त्यामुळे तो मऊ असतो, त्यात चरबी कमी असते आणि कोलॅजन नावाचे चिवट प्रथिनही कमी असते.

इथेच पहिली गल्लत होते. सोरपोतेल किंवा विंदालूसाठी खांद्याचे किंवा चरबीचे मांस घेतात. त्यात कोलॅजन भरपूर असते. ते मंद आचेवर तासभर किंवा जास्त शिजले की त्याचे जिलेटिन होते आणि मांस मऊ पडते. म्हणजे तिथे जास्त वेळ हा फायद्याचा. चॉपमध्ये विरघळायला कोलॅजनच फारसे नाही. त्यामुळे जास्त वेळ शिजवल्याने फक्त पाणी बाहेर पडते. ‘मटण जितके शिजेल तितके मऊ’ हा आपला नेहमीचा नियम चॉपला लागू पडत नाही.

तापमान वाढते तसे आत काय घडते?

मांसात साधारण ७० टक्क्यांच्या आसपास पाणी असते आणि ते प्रथिनांच्या जाळ्यात अडकलेले असते. ५० अंश सेल्सिअसच्या आसपास मायोसिन हे प्रथिन गोठू लागते आणि मांस घट्ट होते. ६५ अंशांच्या पुढे ॲक्टिन हे दुसरे प्रथिन आकसते. ओला टॉवेल पिळावा तसे पाणी बाहेर ढकलले जाते. ८० अंशांपर्यंत पोहोचलेला चॉप कोरडा लागतो तो यामुळेच. वरून कितीही सॉस ओतला तरी आतून गेलेले पाणी परत येत नाही.

मग खरपूस रंग कसा येतो? तो पृष्ठभागावर येतो, साधारण १४० अंशांच्या पुढे. पृष्ठभागावर पाणी असेल तोवर तिथले तापमान १०० अंशांच्या वर जात नाही. म्हणून चॉप तव्यावर टाकण्याआधी कागदी रुमालाने अगदी कोरडा करायचा. थोडक्यात, आपल्याला एकाच तुकड्यात दोन वेगळी तापमाने हवी असतात : बाहेर १४० च्या वर आणि आत ७० च्या आसपास. पातळ चॉपमध्ये हे जमत नाही, कारण बाहेर रंग येईपर्यंत आतला भाग करपायला आलेला असतो. चॉप एक इंच, म्हणजे अडीच सेंटिमीटर जाड हवा.

मग किती तापमान सुरक्षित?

अमेरिकेच्या कृषी खात्याने २०११ मध्ये आपली शिफारस बदलली. अखंड तुकड्यांसाठी आधी सांगितले जाणारे ७१ अंश सेल्सिअस कमी करून ६३ अंश केले आणि त्यानंतर तीन मिनिटे मांस तसेच ठेवण्याची अट घातली. खिम्यासाठी ७१ अंशच कायम राहिले, कारण खिमा करताना पृष्ठभागावरचे जिवाणू आतपर्यंत मिसळतात.

हा बदल शक्य झाला कारण तिथल्या जुन्या भीतीचे कारण मागे पडले होते. ट्रायकिनेला नावाचा जंत पूर्वी तिथल्या पोर्कमध्ये आढळे. डुकरांना कच्चे खरकटे देण्यावर निर्बंध आले, ती बंदिस्त फार्मवर वाढू लागली आणि हा आजार खूप कमी झाला. हा जंत मुळात ५८ अंशांच्या आसपासच मरतो.

भारतात मात्र ६३ चा आकडा सरसकट उचलणे योग्य नाही. आपल्याकडे अनेक भागांत डुकरे मोकाट फिरतात आणि टिनिया सोलियम या पट्टकृमीचा धोका खरा आहे. त्यामुळे मांस कुठून आले, त्याची तपासणी झाली का, हे माहीत नसेल तर मधल्या भागाचे तापमान ७१ अंश होऊ द्यावे. मिठाच्या पाण्यात ठेवलेला जाड चॉप या तापमानालाही चांगला रसदार राहतो. बिघडतो तो ८० किंवा ८५ ला.

मेंदूतील जंत पोर्क खाल्ल्यानेच होतो का?

सर्वांत मोठा गैरसमज इथे आहे. कच्च्या राहिलेल्या पोर्कमध्ये या कृमीच्या अळ्यांच्या पुटकुळ्या असतील, तर खाणाऱ्याच्या आतड्यात पट्टकृमी वाढतो. मेंदूचा आजार, म्हणजे न्यूरोसिस्टिसरकोसिस, होतो तो या कृमीची अंडी पोटात गेल्याने. ही अंडी मांसात नसतात. पट्टकृमी असलेल्या माणसाच्या विष्ठेतून ती बाहेर पडतात आणि दूषित पाणी, न धुतलेल्या भाज्या किंवा अस्वच्छ हात यांतून दुसऱ्याच्या पोटात जातात. डुकरालाही लागण होते ती अशीच, माणसाच्या विष्ठेतून.

याचा अर्थ, आयुष्यात कधीही मांस न खाल्लेल्या व्यक्तीलाही हा आजार होऊ शकतो. जिथे हा कृमी सर्रास आढळतो, तिथे तो अपस्माराचे, म्हणजे फिट्सचे, एक प्रमुख टाळता येण्याजोगे कारण असल्याचे जागतिक आरोग्य संघटना सांगते. चॉप नीट शिजवल्याने या साखळीतील एक कडी तुटते. शौचानंतर साबणाने हात धुणे, कोशिंबिरीच्या भाज्या स्वच्छ धुणे आणि उघड्यावरील शौच थांबणे यांनी दुसरी कडी तुटते. चॉप पाच मिनिटे जास्त तळल्याने ही दुसरी कडी तुटत नाही.

शिजला हे ओळखायचे कसे? रंग पाहून?

रंगावर विसंबू नये. मांसाचा गुलाबीपणा मायोग्लोबिन या प्रथिनामुळे असतो. काही वेळा ७१ अंशांनंतरही, विशेषतः हाडाजवळ, गुलाबी छटा राहते. कधी त्याआधीच मांस पांढुरके दिसते. घड्याळही पुरेसे नाही, कारण तवा, जाडी आणि गॅसची आच प्रत्येक घरी वेगळी असते.

खात्रीचा उपाय म्हणजे स्वयंपाकाचा डिजिटल थर्मामीटर. तो ऑनलाइन काही शे रुपयांत मिळतो. ताप मोजण्याचा थर्मामीटर इथे चालत नाही, तो ४२-४३ अंशांपुढे मोजतच नाही. टोक चॉपच्या बाजूने, जाडीच्या बरोबर मध्यावर घालावे. हाडाला टेकवू नये, तिथे आकडा चुकतो. आच बंद केल्यावरही आतील तापमान दोन-तीन अंशांनी वाढते. म्हणून ७१ हवे असेल तर ६८-६९ ला चॉप उतरवावा आणि काही मिनिटांनी पुन्हा मोजून ७१ झाल्याची खात्री करावी. कमी भरले तर मिनिटभर परत तव्यावर ठेवावा.

सफरचंद कोणते घ्यावे?

आपल्या बाजारात सर्वाधिक दिसते ते लाल डिलिशस जातीचे. ही जात मूळची अमेरिकेतली. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला सॅम्युअल स्टोक्स यांनी ती हिमाचलमधील कोटगडला रुजवली. कच्चे खायला ते गोड असते, पण त्यात आंबटपणा कमी आणि तव्यावर ते पटकन पिठूळ होते. हिरवे ग्रॅनी स्मिथ आंबट असते आणि फोडींचा आकारही टिकतो. गोल्डन डिलिशसही परतल्यावर आकार बऱ्यापैकी टिकवते. लालच घ्यावे लागले तर फोडी जाड कापाव्यात, कमी वेळ परताव्यात आणि शेवटी लिंबू पिळावे.

घरी करायचे कसे?

दोघांसाठी : हाडासकट दोन चॉप (प्रत्येकी एक इंच जाड), दोन सफरचंदे, एक मध्यम कांदा, दोन चमचे मैदा, दोन मोठे चमचे शेंगदाण्याचे तेल, एक चमचा लोणी, मिरपूड, मीठ. दुकानात चॉप पातळ कापलेले असतात, म्हणून जाडी आधीच सांगून कापून घ्यावेत.

१. एक लिटर पाण्यात ५० ग्रॅम मीठ विरघळवून चॉप त्यात एक तास फ्रिजमध्ये ठेवा. मिठामुळे प्रथिनांची पाणी धरून ठेवण्याची क्षमता वाढते. नंतर वेगळे मीठ लावू नका.

२. चॉप बाहेर काढून पूर्ण कोरडे करा. नळाखाली धुऊ नका, शिंतोड्यांबरोबर जिवाणू ओट्यावर पसरतात. कडेच्या चरबीला दोन-तीन चिरा द्या, नाहीतर ती आकसून चॉप वाटीसारखा वळतो.

३. मिरपूड लावून मैद्याचा अगदी पातळ थर द्या आणि जास्तीचा झटका.

४. बिडाचा किंवा जाड बुडाचा तवा मध्यम-मोठ्या आचेवर तापवून तेल घाला. चॉप ठेवल्यावर तीन-चार मिनिटे हलवू नका. खरपूस झाला की उलटा. दुसरी बाजूही तशीच. चिमट्याने उभा धरून चरबीची कड मिनिटभर तळा. मग आच कमी करून हवे ते तापमान येऊ द्या. चॉप ताटलीत काढून ठेवा.

५. त्याच तव्यात लोणी घाला. ते सुरुवातीला घातले असते तर त्यातील दुधाचा अंश करपला असता. उभा चिरलेला कांदा आणि सफरचंदाच्या जाड फोडी पाच-सहा मिनिटे परता. परदेशी कृतीत इथे थाइम घालतात. ते नसेल तर ओव्याची लहान चिमूट चालते, दोन्हींच्या वासामागे थायमॉल हेच द्रव्य आहे.

६. अर्धी वाटी पाणी किंवा सफरचंदाचा रस आणि चमचाभर व्हिनेगर घालून तव्याला लागलेली खरवड उलथन्याने सोडवा. खरी चव तिच्यातच असते. सॉस जरा दाट झाला की चॉपवर ओता.

आणखी काय लक्षात ठेवावे?

कच्च्या मांसाची सुरी आणि पाट सफरचंदासाठी वापरू नये. आधी सफरचंद आणि कांदा कापून ठेवावा, मग मांसाला हात लावावा. शिजलेला चॉप कच्चा ठेवलेल्याच ताटलीत परत ठेवू नये. उरलेले दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये जावे; मे महिन्यातील उकाड्यात एका तासात. कच्चे मांस फ्रीझरमध्ये काही दिवस ठेवल्याने पट्टकृमीच्या अळ्या मरतात, जिवाणू मात्र मरत नाहीत, ते फक्त थांबतात. त्यामुळे फ्रीझरमधून काढलेला चॉपही तापमान मोजूनच उतरवावा.