पेराड : वडी आपली, रीत पोर्तुगीजांची

नाताळात गोव्यातल्या ख्रिस्ती घरांतून शेजारीपाजारी ‘कुस्वार’ जातो. त्यात नेवऱ्या, दोदोल, कुलकुल यांच्या जोडीला लालसर, चकचकीत वड्या असतात. तेच पेराड. पोर्तुगालमध्ये क्विन्स या फळाची मार्मेलाडा करतात. हे फळ कच्चं खाववत नाही इतकं तुरट असतं, पण साखरेत आटवलं की सुरीने कापण्याइतकं घट्ट बसतं. गोव्याच्या उष्ण, दमट हवेत क्विन्स कुठलं? पेरू मात्र मुबलक, आणि तोही पोर्तुगीजांनीच अमेरिका खंडातून आणलेला. आटवण्याची रीत त्यांची राहिली; ताटात थापून शंकरपाळ्यासारखं कापणं आपल्या आंबावडीचं.

क्विन्सची जागा पेरूने घेतली ती पेक्टिनच्या बळावर. पेक्टिन म्हणजे फळाच्या पेशींना धरून ठेवणारा पदार्थ. उकळलं की त्याचे लांब धागे पाण्यात सुटे होतात आणि एकमेकांना दूर लोटत राहतात. लिंबाच्या आंबटपणाने हे लोटणं कमी होतं, साखर आजूबाजूचं पाणी ओढून घेते, मग धागे एकमेकांत गुंततात आणि गर बसतो. पेक्टिन, आंबट आणि साखर यांतलं एक जरी कमी पडलं तरी वडी पडत नाही. पेरू फार पिकला की पेक्टिन घटतं, म्हणून निम्मे पिकलेले आणि निम्मे जरा करकरीत घ्यावेत. पुण्याच्या गणेशखिंडीत १९२७ साली निवडलेला ‘सरदार’ हा वाण चालतो. गर पांढरा असल्याने वडी मात्र तांबूस-तपकिरी होते. गुलाबी गराच्या पेरूला रंग घालावा लागत नाही.

दीड किलो पेरूंच्या फोडी बियांसकट, जेमतेम बुडतील एवढ्या पाण्यात शिजत ठेवा. बियांभोवतीच्या गरातही पेक्टिन असतं, तो आधी कोरून टाकू नका. याच पाण्यात बोटभर दालचिनी आणि तीन लवंगा टाका. रूढ पेराडात बहुधा लिंबाखेरीज काही नसतं, पण पोर्तुगीज गोडात दालचिनी सर्रास असते, तेव्हा ही भर परकी वाटत नाही. वेलची मात्र घालू नका. ती पेरूचा वास दाबते आणि चव थेट बर्फीकडे जाते. फोडी मऊ झाल्या की मसाला काढून गर चाळणीतून गाळा. मिक्सर नको, बिया भरडल्या तर कचकच राहते.

गाळलेला गर मोजा. किलोभर गराला पाऊण किलो साखर पुरते. जाड बुडाच्या कढईत दोन्ही एकत्र करा आणि एका लिंबाचा रस आताच घाला. आंबटामुळे काही साखर फुटून ग्लुकोज आणि फ्रुक्टोज होते, म्हणून वडीत पुढे खडे धरत नाहीत. दुसऱ्या लिंबाचा रस शेवटी, कारण जास्त वेळ आंबटात उकळलं तर पेक्टिनही तुटतं.

आता पाऊण ते एक तास ढवळणं. मिश्रण दाटलं की ज्वालामुखीसारखं फटफट उडतं आणि हातावर पडलं तर चांगलंच पोळतं. लांब दांड्याचा लाकडी कालथा घ्या, आच मंद ठेवा. आधी बुडबुडे बारीक आणि पुष्कळ येतात, मग मोठे आणि आळशी. कालथा तळाशी ओढला की कढईचा तळ क्षणभर उघडा दिसतो, रंग गडद होतो. गोळा कडा सोडून एकत्र फिरायला लागला की चमचाभर लोणी आणि राहिलेला लिंबाचा रस घाला. गार बशीवर थेंब टाकून पाहा: बोट लावल्यावर चिकटला नाही तर उतरवा. घाईने उतरवलेलं पेराड जॅम होतं, आणि तो जॅम वाईट नसतो, पण वडी नव्हे.

तूप लावलेल्या ताटात गरम असतानाच ओता, लोणी लावलेल्या केळीच्या पानाने वरून सारखं करा. रात्रभर निवू द्या, सकाळी कापा. हवाबंद डब्यात काही आठवडे टिकतं. ब्राझीलमध्ये पेरूची अशीच वडी पांढऱ्या चीजबरोबर खातात. आपल्याकडे ताज्या पनीरचा पातळ काप ठेवून बघा, तोंडाला गोडाचा कंटाळा येत नाही.