मूत्रपिंडात कॅल्शियम साचते तेव्हा

मुतखडा आपणां शेतकऱ्यांना नवा नाही. कमरेतून जांघेकडे कळ निघाली की घरातली वडीलधारी माणसेच निदान सांगतात. पण मूत्रपिंडात कॅल्शियम साचण्याचा आणखी एक प्रकार आहे. त्यात बहुधा कळ येत नाही, म्हणून तो वर्षानुवर्षे लपून राहतो. डॉक्टर त्याला 'नेफ्रोकॅल्सिनोसिस' म्हणतात.

मुतखडा लघवीच्या वाटेत सुटा पडलेला असतो. या विकारात मात्र कॅल्शियमचे बारीक कण मूत्रपिंडाच्या गाभ्यातच रुतून बसतात, आणि तेही बहुधा दोन्ही बाजूंना. बंबाला आतून पांढरा थर धरतो, तसेच काहीसे.

असे का होते? गळ्यातील पॅराथायरॉईड ग्रंथी प्रमाणाबाहेर काम करू लागल्या की हाडांतले कॅल्शियम रक्तात आणि तेथून लघवीत उतरते. काहींच्या मूत्रपिंडांना शरीरातील आम्ल नीट बाहेर टाकता येत नाही. हा दोष कधी जन्मतःच असतो व मुलाची वाढ खुंटते. तिसरे कारण आपल्या हातचे आहे, ते म्हणजे 'ड' जीवनसत्त्वाचा अतिरेक.

त्याचा हिशेब पाहू. प्रौढ माणसाची रोजची गरज ६०० युनिट धरतात. ६०,००० युनिटांची एक पुडी म्हणजे १०० दिवसांचा शिधा, आणि ६ लाखांचे एक इंजेक्शन म्हणजे १,००० दिवसांचा! कमतरता असेल तर डॉक्टर हे औषध ठरावीक आठवडे देतात, ते योग्यच. पण गुडघे दुखतात म्हणून जुनीच चिठ्ठी दाखवून ते महिनोन्महिने घेऊ नये. ते शरीरात साठते आणि रक्तातील कॅल्शियम वाढवते. जास्त खताने पीक करपते, हे आपल्याला कोणी शिकवायला नको.

तपासणीत पहिली सोनोग्राफी. एरवी काळसर दिसणारा मूत्रपिंडाचा गाभा तिच्यात पांढरा चमकतो. तिच्यात क्ष-किरण नसल्याने ती लहान मुलांनाही निर्धोक आहे. साध्या क्ष-किरण फोटोत बराच साठा झाल्यावरच खूण उमटते. सी. टी. स्कॅनमध्ये बारीक कणही दिसतात, पण त्यात क्ष-किरणांची मात्रा अधिक असल्याने गरज असेल तरच तो करावा.

मात्र चित्र कॅल्शियम कोठे साचले ते दाखवते, का साचले ते सांगत नाही. म्हणून रिपोर्ट मिळाला की तो कपाटात ठेवू नये. रक्तातील कॅल्शियम, क्रिएटिनिन, पॅराथायरॉईडचा हार्मोन व २४ तासांची लघवी या तपासण्यांविषयी डॉक्टरांना विचारावे. घेत असलेल्या सर्व औषधांची वेष्टने सोबत न्यावीत, टॉनिकची बाटलीसुद्धा.

आणखी एक गोष्ट. कॅल्शियमच्या भीतीने आपल्या मनाने दूध बंद करू नये. जेवणातले कॅल्शियम फार कमी झाले तर ऑक्झलेट अंगात अधिक शोषले जाते व खड्यांचा धोका उलट वाढतो. शेतावर जाताना पाणी न्यावे व थोडे थोडे पीत राहावे. हृदयविकार किंवा मूत्रपिंडाच्या विकारामुळे ज्यांना पाणी मोजून सांगितले आहे, त्यांनी तेवढेच प्यावे.

साचलेले कॅल्शियम सहसा पुरते निघून जात नाही. पण कारण वेळीच सापडले तर पुढचे साचणे अनेकदा रोखता येते व देवाने दिलेली दोन्ही मूत्रपिंडे कामाची राहतात. सतत तहान, रात्री वारंवार लघवी, बद्धकोष्ठता व थकवा अशी लक्षणे एकत्र दिसली, तर सुगी संपण्याची वाट पाहू नये, एवढेच आमचे सांगणे.