कार्थेजचा नवा वेढा

ट्यूनिस शहरांतून समुद्रकांठच्या वस्तीकडे एक लहानशी आगगाडी जाते. खाऱ्या सरोवरांत घातलेल्या बांधावरून ती प्रथम ला गूलेत या बंदराला पोंचते आणि तेथून किनाऱ्याच्या कडेनें उत्तरेस मार्सा गांवापर्यंत जाते. या मार्गावरील स्थानकांचीं नांवें वाचूं लागलें म्हणजे एखादें इतिहासाचें पुस्तक चाळल्याचा भास होतो. कार्थेज-सालांबो, कार्थेज-बिर्सा, कार्थेज-हॅनिबल, कार्थेज-अमिलकार! ज्या हॅनिबलनें हत्ती घेऊन आल्प्स पर्वत ओलांडला आणि रोमच्या वैभवाला कांपरें भरविलें, त्याच्या नांवाच्या पाटीखालीं कचेरीला जाणारे कारकून, शाळेंतलीं मुलें आणि बाजाराच्या पिशव्या सांभाळणाऱ्या गृहिणी गाडीची वाट पाहतात. स्थानकाच्या दोहों बाजूंस पांढऱ्या भिंतींचे व निळ्या खिडक्यांचे बंगले दिसतात. आणि दोन बंगल्यांच्या मध्यें, कुंपणापलीकडे, दोन हजार वर्षांपूर्वींची एखादी भिंत जमिनींतून डोकें वर काढून उभी असते.

ख्रिस्तपूर्व १४६ या वर्षीं रोमनांनीं जें शहर जाळून बेचिराख केलें, तेंच हें कार्थेज. आज तें पुन्हां एका वेढ्यांत सांपडलें आहे. परंतु या खेपेस वेढा घालणाऱ्यांच्या हातीं शस्त्रें नाहींत. त्यांच्या हातीं घराचा नकाशा आहे, आणि मुलाबाळांसाठीं समुद्राच्या वाऱ्यावर एक चांगलें घर असावें, एवढीच त्यांची मनीषा आहे. ही मनीषा ज्याच्या मनांत नाहीं असा संसारी गृहस्थ कोठें मिळेल? म्हणूनच हा प्रश्न दिसतो त्याहून पुष्कळ अवघड आहे.

या नगरीचा जन्मच मुळीं जागेच्या एका व्यवहारांतून झाला, अशी आख्यायिका आहे. फिनिशियन लोकांच्या टायर नगरींत एलिसा नांवाची राजकन्या होती. तिलाच पुढें डायडो म्हणूं लागले. तिच्या भावानें लोभानें तिच्या पतीचा वध केला, तेव्हां ती आपल्या माणसांसह गलबतांत बसून आफ्रिकेच्या किनाऱ्यास आली. तेथील राजापाशीं तिनें एका बैलाच्या कातड्यांत मावेल एवढीच जमीन मागितली. राजानें हंसत होकार दिला. एलिसेनें त्या कातड्याच्या दोऱ्यासारख्या बारीक पट्ट्या कापल्या, त्या एकापुढें एक मांडल्या आणि सबंध टेकडीला वेढा देऊन ती पदरांत पाडून घेतली. ग्रीक भाषेंत बिर्सा म्हणजे कातडें. त्यावरून टेकडीचें नांव बिर्सा पडलें, असें सांगतात. गोष्ट खरी असो वा नसो, ख्रिस्तपूर्व ८१४ हें नगरीच्या स्थापनेचें परंपरागत वर्ष मानलें जातें.

पुढें सहा-सात शतकें पश्चिम भूमध्य समुद्रावर या नगरीच्या गलबतांचा संचार राहिला. तिच्या दोन बंदरांपैकीं आंतलें वर्तुळाकार होतें, आणि त्यांत २२० युद्धनौका ठेवण्याची सोय होती, असें आप्पियन या इतिहासकारानें लिहून ठेविलें आहे. रोमशीं तीन मोठीं युद्धें झालीं. शेवटच्या युद्धांत तीन वर्षांच्या वेढ्यानंतर रोमन सैन्य नगरांत शिरलें. सहा दिवस गल्लीगल्लींतून आणि घराघरांच्या छपरांवरून लढाई चालली, आणि अखेरीस बिर्सा टेकडीवर आश्रय घेतलेले ५०,००० लोक शरण आले, असें तोच इतिहासकार सांगतो. ते सर्व गुलाम झाले. रोमनांनीं त्या भूमींत मीठ पेरलें, ही गोष्ट आपण पुष्कळदां ऐकतों. परंतु कोणाही प्राचीन ग्रंथकारानें ती सांगितलेली नाहीं, ती फार मागाहून जोडलेली आहे. खरी गोष्ट अशी कीं, ज्या रोमनांनीं नगर उद्ध्वस्त केलें त्यांनींच मॅगो नांवाच्या कार्थेजच्या पंडिताचा २८ खंडांचा शेतकीवरील ग्रंथ जतन केला, आणि सेनेटच्या आज्ञेनें त्याचें लॅटिन भाषांतर करविलें. माणसाला दुसऱ्याची विद्या हवीशी वाटते, मात्र त्याचें घर डोळ्यांत सलतें!

पुढें शंभर-सव्वाशें वर्षांनीं ज्यूलियस सीझर व ऑगस्टस यांनीं त्याच जागीं नवें रोमन शहर वसविलें. तें वसवितांना बिर्सा टेकडीचा माथा छाटून सपाट करण्यांत आला आणि निघालेली माती उतारावर लोटण्यांत आली. त्या मातीखालीं हॅनिबलच्या काळांतील एक सबंध वस्ती गाडली गेली. विजेत्यांना ती पुसून टाकावयाची होती. परंतु त्याच मातीनें ती झांकून सुरक्षित ठेविली. आज तेथें सरळ आंखलेल्या अरुंद गल्ल्या, त्यांतील पायऱ्या, आणि घराघराखालीं पावसाचें पाणी सांठविण्याचीं टांकीं पाहावयास मिळतात. ज्या आईनें त्या टांक्यांतून शेवटची घागर भरली असेल, तिच्या मुलांचें पुढें काय झालें हें कोणत्याही पुस्तकांत नाहीं. तिच्या संसाराचा पुरावा म्हणून ती भिंत व तें टांकेंच काय तें उरलें आहे.

रोमन कार्थेजही मोठें झालें. १०० किलोमीटरांहून अधिक लांबीच्या कालव्यानें झग्वान पर्वताचें पाणी तेथें आणलें गेलें. समुद्राच्या अगदीं कांठीं दुसऱ्या शतकांत बांधलेलें अँटोनायनस बादशहाचें स्नानगृह आफ्रिकेंतील सर्वांत विशाल होतें. इ. स. ६९८ मध्यें अरबांनीं शहर घेतल्यावर मात्र राजधानीचा मान शेजारच्या ट्यूनिसकडे गेला, आणि कार्थेज ही दगडांची खाण बनली. तेथील स्तंभ कैरवानच्या व ट्यूनिसच्या मशिदींत गेले. कांहीं संगमरवर समुद्रापार इटलींतही पोंचला. स्तंभ गेले, पण भूमि राहिली. कित्येक शतकें तेथें नांगर चालला, गुरें चरलीं, आणि दोन हातांखालीं दडलेलें शहर स्वस्थ झोंपून राहिलें. १८३३ मध्यें डेन्मार्कचा वकील फाल्बे यानें या जागेचा पहिला विश्वसनीय नकाशा प्रसिद्ध केला, तेव्हां त्यांत शेतें व पडीक अवशेष यांवांचून फारसें कांहीं नव्हतें.

नांगरानें जें केलें नाहीं तें आगगाडीनें केलें. १८८१ मध्यें देश फ्रेंचांच्या संरक्षणाखालीं गेला. टेकडीवर त्यांनीं मोठें ख्रिस्ती मंदिर बांधलें, आणि लोहमार्गाच्या आश्रयानें बंगल्यांचे तुकडे पडूं लागले. राजधानी हाकेच्या अंतरावर, हवा उत्तम, समोर निळा समुद्र. यापेक्षां अधिक काय पाहिजे? १९५६ मध्यें देश स्वतंत्र झाला. त्यानंतर राष्ट्राध्यक्षांचा प्रासादही याच कार्थेजमध्यें, स्नानगृहाच्या अवशेषांना लागून उभा राहिला. राजा जेथें राहतो तेथें दरबारी आलेच! ट्यूनिस वाढत वाढत किनाऱ्यापर्यंत आलें, आणि प्राचीन बंदरांच्या दोन तळ्यांभोंवतीं बागाबंगल्यांची रांग लागली.

वाचक विचारतील, घर तर जमिनीवर बांधावयाचें. खालच्या अवशेषांस त्यानें काय होतें? याचें उत्तर असें कीं, घराला पाया लागतो, मोरीला खड्डा लागतो, पाण्याला व सांडपाण्याला नळ लागतात, आणि श्रीमंताच्या घराला पोहण्याचा हौदही लागतो. यांतील प्रत्येक गोष्टीसाठीं खणावें लागतें. प्राचीन अवशेषांची किंमत एकेका दगडांत नसून कोणता थर कोणत्या थराखालीं आहे, कोणतें भांडें कोणत्या जमिनीवर पडलें आहे, या अनुक्रमांत असते. पोथीचीं पानें विसकटलीं तर तीं पुन्हां लावतां येतात. पण हीं पानें एकदां कुदळीनें उलटलीं कीं कोणत्याही पंडिताला तीं लावतां येत नाहींत. शिवाय एक बंगला झाला म्हणजे त्याच्यापर्यंत रस्ता लागतो, आणि रस्ता झाला कीं दुसरा बंगला आलाच.

हा धोका ओळखून १९७२ मध्यें युनेस्को संस्थेनें कार्थेज वांचविण्याची हांक जगाला दिली. देशोदेशींचे संशोधक तेथें आले. फ्रेंचांनीं बिर्सा टेकडीवरील गाडलेली वस्ती उकलली. जर्मनांनीं समुद्राकडील मोहल्ले तपासले. ब्रिटिशांनीं वर्तुळाकार बंदराच्या मध्यावरील बेटावर युद्धनौका ओढून ठेवण्याच्या उतारांच्या खुणा शोधून काढल्या, आणि आप्पियनचें वर्णन कल्पित नव्हतें हें सिद्ध केलें. ज्या भागांत बंगले उठण्याचीं चिन्हें दिसत होतीं तेथें आधीं संशोधकांची कुदळ पोंचली, हा या मोहिमेचा मोठा लाभ. १९७९ मध्यें कार्थेजची गणना जागतिक वारशाच्या यादींत झाली.

१९८५ हें वर्ष या कथेंत विशेष लक्षांत ठेवण्यासारखें आहे. त्या वर्षीं फेब्रुवारींत रोमच्या व कार्थेजच्या नगराध्यक्षांनीं एकत्र बसून शांततेच्या तहावर सह्या केल्या. ख्रिस्तपूर्व १४६ मध्यें थांबलेलें युद्ध अशा रीतीनें सुमारें २,१३० वर्षांनीं विधिपूर्वक संपलें! त्याच वर्षीं ऑक्टोबरांत सरकारनें हुकूम काढून कार्थेज व सिदी बू सईद येथील विस्तीर्ण भूमि संरक्षित ठरविली. जुन्या शत्रूशीं तह झाला आणि नव्या शत्रूविरुद्ध तट उभा राहिला, असें कोणासही वाटलें असतें.

परंतु तटाला भगदाड पडतें तें बहुधा आंतून. राष्ट्राध्यक्ष बेन अली यांच्या कारकीर्दींत, १९९२ पासून पुढें, या संरक्षित भूमींतील तुकडे एकेका हुकुमानें संरक्षणांतून वगळण्यांत आले, आणि सत्ताधीशांच्या आप्तांचे व मर्जींतल्या लोकांचे बंगले तेथें उठूं लागले. विशेष म्हणजे, १९९४ मध्यें याच राजवटींत पुराणवस्तूंच्या रक्षणाचा सविस्तर कायदा झाला होता! कायदा पुस्तकांत राहिला आणि भूमि बाजारांत गेली. १४ जानेवारी २०११ रोजीं लोकक्षोभापुढें बेन अली देश सोडून पळाले. दोन महिन्यांच्या आंत, १० मार्च रोजीं, नव्या सरकारनें जमिनी वगळण्याचे ते हुकूम रद्द केले. क्रांतीच्या धामधुमींत, पोटापाण्याचे शेंकडों प्रश्न उभे असतां, ज्या थोड्या गोष्टी आधीं हातीं घेतल्या गेल्या त्यांत ही एक होती, हें त्या राष्ट्राला भूषणावह आहे.

येथें ही कथा संपती तर किती बरें झालें असतें! पण राजसत्ता ढिली पडतांच दुसऱ्या प्रकारचें बांधकाम सुरू झालें. रोमन कार्थेजचें सर्कस, म्हणजे रथांच्या शर्यतींचें विशाल मैदान, जमिनीखालीं दडलेलें आहे. वरून पाहणाऱ्यास ती केवळ मोकळी जागा वाटते. तेथें बिगरपरवाना घरें उभीं राहूं लागलीं. सरकारनें त्यांतील कांहीं पाडलीं, आणि पुन्हां नवीं उठलीं. हीं घरें सारीं धनिकांचीं नव्हेत. ज्याला राजधानींत जागा परवडत नाहीं असा माणूस कर्ज काढून चार भिंती उभारतो, आणि त्या पडतांना त्याची बायको-मुलें रस्त्यावर उभीं राहून पाहतात. त्यानें असें विचारलें कीं, “मोठ्यांचे बंगले हुकुमानें उठले, मग माझ्याच भिंतीवर घण कां?” तर त्याला काय उत्तर द्यावें? मेलेल्या शहरापेक्षां जिवंत मूल मोठें आहे, हें कोण नाकारील?

आमच्या मतें या आक्षेपांत सत्य आहे, आणि म्हणूनच उत्तर अर्धवट असूं नये. गरिबाला घर पाहिजे हें खरें. पण त्याला तें सर्कसच्याच मैदानावर पाहिजे असें नाहीं. त्याला दुसरीकडे जागा देणें सरकारच्या हातीं आहे. दुसरें कार्थेज देणें मात्र कोणाच्याच हातीं नाहीं. १९९४ च्या कायद्यानें संरक्षित भूमीचा सविस्तर आराखडा करण्यास सांगितलें होतें. तो वर्षानुवर्षें रेंगाळला, आणि कोठें बांधावें व कोठें बांधूं नये याविषयींच्या संदिग्धतेचा लाभ प्रथम बलिष्ठांनीं व मागाहून गरजूंनीं घेतला. रेघ स्पष्ट नसेल तर ती ओलांडणाऱ्यास दोष तरी कोणत्या तोंडानें द्यावा? आणि रेघ आंखल्यावर तिची पहिली अंमलबजावणी मोठ्या बंगल्यांपासून झाली नाहीं, तर झोंपडीवाल्यानें ती कां मानावी?

एकत्र कुटुंबांत वाढलेल्या वाचकांना हा प्रश्न परका वाटूं नये. वडिलोपार्जित वाडा सामाईक असतो. एक भाऊ म्हणतो, परसाचा एवढासा कोंपरा मी विकला तर काय बिघडलें? दुसरा म्हणतो, त्यानें कोंपरा विकला, मग मी ओसरी कां विकूं नये? प्रत्येकाची अडचण खरी असते, आणि कोणीही वाडा विकला असें म्हणत नाहीं. तरी एके दिवशीं देवघराच्या भिंतीला परक्याची भिंत येऊन भिडते. अशा घरांत जें वांचतें तें भांडणानें वांचत नाहीं. थोरल्यानें आधीं आपला हात आवरला आणि धाकट्याची अडचण निवारली, तरच वांचतें. कार्थेजच्या बाबतींत थोरला कोण आणि धाकटा कोण, हें सांगण्याची आवश्यकता नाहीं.

सायंकाळच्या गाडीनें परतणारा प्रवासी कार्थेज-बिर्साच्या स्थानकावर उतरतो आणि टेकडीच्या बाजूनें घराकडे जातो. त्या टेकडीच्या उतारावर एक जुनें टांकें आहे. दोन सहस्र वर्षांपूर्वीं तें एका घरचें होतें. आज त्यावर कोणा एकाची मालकी नाहीं, आणि म्हणूनच तें सर्वांचें आहे. तें उद्यांही तेथें असावें, आणि त्या प्रवाशाच्या मुलांनाही हक्काचें छप्पर असावें, या दोन्ही गोष्टी एकाच देशांत साधणें अशक्य नाहीं. त्यासाठीं आधीं रेघ आंखली पाहिजे, आणि ती आंखणाऱ्यांनीं प्रथम स्वतः पाळली पाहिजे.