गंबो : भेंडी घातलेला कोंबडीचा रस्सा, मैदा आणि भाताशिवाय

रविवारी आमच्या घरी कोंबडी शिजायची आणि वडील चार भाकऱ्या चुरायचे. मोठ्या ताटात ज्वारीची भाकरी कुस्करलेली, तिच्यावर लालभडक रस्सा, कडेला दोन तुकडे. घरात सात माणसे आणि कोंबडी एक. त्यामुळे रस्सा पातळ आणि भाकरी भरपूर हे गणित ठरलेलेच. वडिलांना मधुमेह आहे असे कळले तेव्हा त्यांनी सोडले काय, तर चहातली साखर. भाकरी म्हणजे गरिबाचे साधे अन्न, तिने काय होणार, असे आईही म्हणायची. मी नववीत असताना त्यांचा उजवा पाय गुडघ्याखालून काढावा लागला.

हे सगळे पुन्हा आठवले ते या उन्हाळ्यात. माझी भाची अमेरिकेत ह्यूस्टनला नर्स आहे. ती सुट्टीत नाशिकरोडला आली आणि म्हणाली, "मावशी, आज कोंबडी मी करते. तिकडे शेजारच्या लुईझियाना राज्यात गंबो म्हणून करतात, त्यात भेंडी असते." कोंबडीत भेंडी! आमच्या दादांनी तोंड वाकडे केले. दादा म्हणजे माझे थोरले बंधू, प्रेसमधून निवृत्त झालेले, पंधरा वर्षांपासून मधुमेही. पण पातेले उतरल्यावर पहिली वाटी त्यांनीच मागितली.

गंबो हा शब्द आफ्रिकेतून आला आहे. तिथल्या बांटू भाषांमध्ये भेंडीला 'किंगोंबो'सारखा शब्द आहे, त्यावरून. जहाजांत कोंबून अमेरिकेत नेलेल्या गुलामांबरोबर ही भाजी आणि तिचे नाव तिकडे पोहोचले. मालकाच्या मुदपाकखान्यात राबणाऱ्या आफ्रिकी बायकांनी मिळेल ते मांस, मिळेल ती भाजी एका पातेल्यात घालून दाट कालवण केले. त्याच गुलामांच्या मुक्तीसाठी झटणाऱ्या अमेरिकेतल्या सज्जनांना जोतीरावांनी १८७३ साली आपले 'गुलामगिरी' अर्पण केले होते. आज तेच कालवण लुईझियानाची शान म्हणून मोठ्या हॉटेलांत मिळते. आपल्याकडे मात्र ज्यांच्या घरी काय शिजत होते याची कुणी नोंदच घेतली नाही, त्यांची नोंद अलीकडे होऊ लागली आहे. मराठवाड्यातल्या महार-मांगांच्या खाण्यावर शाहू पाटोळे यांनी लिहिलेले 'अन्न हे अपूर्णब्रह्म' (२०१५) मिळाल्यास जरूर वाचावे.

तर गंबोचा जीव तीन गोष्टींत आहे. पहिली भेंडी, जिच्या चिकट रसाने कालवण दाट होते. दुसरी कांदा, भोपळी मिरची आणि सेलरी या तीन भाज्यांची जोडी. तिसरी 'रू', म्हणजे तेलात मैदा मंद आचेवर पाऊण तास हलवत हलवत चॉकलेटी रंगावर आणायचा. गंबोचा काळसर रंग आणि खमंग वास याच रूचा. मग हे कालवण वाढतात कशावर? पांढऱ्या भाताच्या ढिगावर. मधुमेह्याची अडचण सुरू होते ती इथे.

भाचीच्या कढईत मैदा काळवंडताना पाहून मला आधी आठवले ते येसर. मराठवाड्याकडे, सोलापूर-नगरकडे भाजलेल्या धान्यांचे आणि डाळीचे मसालेदार पीठ रश्शाला लावतात. पातळ रस्सा दाट करायची ती गरिबाची युक्ती, तिकडच्या रूची बहीणच. आणि मग वाटले, आपल्या नाशिक-खानदेशाकडच्या काळ्या रश्शाला तर पीठ लागतच नाही. कांदा निखाऱ्यावर काळा होईस्तोवर भाजला, सुके खोबरे भाजले, दोन्ही पाट्यावर वाटले की तोच रंग, तोच करपट-खमंग वास. मैदा जे काम करतो ते आपल्या आज्यांनी कांद्या-खोबऱ्याकडून करून घेतले होते. दाटपणाला भेंडी आहेच. दुसऱ्या रविवारी मी मैद्याची पिशवी उघडलीच नाही.

पण इथे एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगते. मैदा काढल्याने फार मोठा फरक पडत नाही. चार माणसांच्या गंबोत साधारण ६० ग्रॅम मैदा जातो, म्हणजे माणशी अकरा-बारा ग्रॅम कर्बोदके. ताटातला दीडशे ग्रॅम शिजलेला भात मात्र एकटाच ४० ग्रॅमच्या वर कर्बोदके देतो. ज्वारीच्या एका मध्यम भाकरीला ७०-८० ग्रॅम पीठ लागते आणि त्यात ५० ग्रॅमच्या आसपास कर्बोदके असतात. वडील रविवारी एका बैठकीत दोनशे ग्रॅम कर्बोदके खात होते आणि चहातली चमचाभर साखर सोडून पथ्य पाळल्याचे समाधान मानत होते. ज्वारी वाईट नाही. तिच्यात गव्हाच्या मैद्यापेक्षा तंतू जास्त आहेत. पण चार भाकऱ्या म्हणजे चार भाकऱ्या.

हे फक्त आमच्या घरापुरते नाही. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या देशव्यापी पाहणीचे २०२३ साली प्रसिद्ध झालेले आकडे सांगतात की देशात १० कोटींहून अधिक लोकांना मधुमेह आहे आणि आणखी १३ कोटींहून अधिक लोक त्याच्या उंबरठ्यावर आहेत. त्याच पाहणीतून २०२५ साली असेही पुढे आले की आपल्या रोजच्या उष्मांकांपैकी सुमारे ६२ टक्के कर्बोदकांतून येतात. प्रथिने खूपच कमी पडतात. पूर्वी ही भाकरी शेतात, रस्त्यावर, गिरणीत राबणारे अंग जाळून टाकत होते. आता आपली मुले खुर्चीत बसून काम करतात, ताट मात्र बापाचेच आहे.

बाबासाहेबांनाही मधुमेह होता. शेवटच्या काही वर्षांत पायांच्या वेदनांनी आणि कमी होत चाललेल्या दृष्टीने त्यांना किती छळले, हे आपण वाचले आहे. डॉक्टर असलेल्या माईसाहेब त्यांच्या खाण्यापिण्याकडे आणि औषधांकडे जातीने लक्ष देत. पायाला मुंग्या येणे, तळवे जळजळणे, जखम न भरणे ही लक्षणे आपल्या वस्त्यांतली किती माणसे 'वयाचे दुखणे' म्हणून अंगावर काढतात!

आता कृती. चार माणसांसाठी पाऊण किलो कोंबडी घ्या, मांडीचे हाडासकट तुकडे असतील तर उत्तम. छातीचे मांस इतका वेळ शिजवले की चोथा होते. कोवळी भेंडी ३०० ग्रॅम, मध्यम कांदे दोन, मोठी भोपळी मिरची एक, टोमॅटो एक, सुके खोबरे ३० ग्रॅम, लसणाच्या दहा-बारा पाकळ्या, बोटभर आले, तमालपत्रे दोन, काळा मसाला दीड चमचा, तेल तीन चमचे. सेलरी मोठ्या दुकानांत मिळते, पण तिच्यासाठी पायपीट नको. मूठभर कोथिंबिरीचे देठ आणि चिमूटभर ओवा घातला तरी त्या वासाच्या जवळपास जाता येते.

भेंडी आधी धुऊन फडक्याने अगदी कोरडी करा, मगच चिरा. एक कांदा गॅसच्या ज्योतीवर सालासकट काळा भाजा, खोबरे तव्यावर तपकिरी करा आणि आले-लसणासह बारीक वाटा. ही घाई करण्याची जागा नाही. कांदा नुसता गुलाबी झाला तर रस्सा फिक्कट गोडसर होतो, आणि खोबरे जळून कोळसा झाले तर कडू. जाड बुडाच्या पातेल्यात तेलावर कोंबडीचे तुकडे मीठ लावून दोन्ही बाजूंनी लालसर करून बाजूला काढा. त्याच तेलात दुसरा कांदा, भोपळी मिरची, कोथिंबिरीचे देठ, ओवा आणि तमालपत्र परता. मग वाटण घालून तेल सुटेपर्यंत हलवा, काळा मसाला आणि टोमॅटो घाला. कोंबडी परत आत, चार वाट्या गरम पाणी आणि भेंडीचा अर्धा भाग. मंद आचेवर अर्धा तास. ही भेंडी विरघळून रश्शाला अंग देते. उरलेली भेंडी वेगळ्या तव्यावर थेंबभर तेलात तार जाईपर्यंत परता आणि शेवटची दहा मिनिटे घाला, म्हणजे दाताखाली येते. कुकर वापरू नका, भेंडीचा लगदा होतो. लोखंडी कढईत टोमॅटो पडला की भेंडी काळी पडते. चवीला फरक नाही, पण पोरे नाके मुरडतात.

अशा एका वाडग्यात माझ्या हिशेबाने १५ ग्रॅमच्या आसपास कर्बोदके येतात आणि त्यांतला तिसरा हिस्सा तंतूंचा असतो. भाताऐवजी किसलेला फ्लॉवर वाफवून खा, असे परदेशी पुस्तके सांगतात. करून पाहिला. ठीक आहे, पण दिवसभर उभे राहून आलेल्या माणसाला मी तो वाढणार नाही. त्यापेक्षा वाडगाभर गंबो चमच्याने खावा, सोबत अर्धी भाकरी आणि काकडी-मुळा घ्यावा. पौर्णिमेला मांसाहार टाळणाऱ्या उपासक-उपासिकांनी कोंबडीऐवजी अळिंबी आणि पनीर घालावे. मग शिजायला पंधरा मिनिटे पुरतात.

आता दादांची गोष्ट. गंबो आवडला, दोन तासांनी साखर कमी दिसली, तेव्हा त्यांना जोर चढला. त्यांनी भाकरी पूर्ण सोडली, रात्रीही नुसते कालवण. गोळ्या मात्र आधीच्याच चालू. चौथ्या रात्री तीन वाजता वहिनींनी फोन केला. दादा घामाने चिंब, हात थरथरत होते, बोलणे असंबद्ध. साखर ५२ भरली. तीन चमचे साखर पाण्यात विरघळवून दिली, पंधरा मिनिटांनी पुन्हा मोजली, मग जरा खायला दिले. तेव्हा कुठे ते माणसात आले.

म्हणून हे नीट लक्षात घ्या. इन्सुलिन किंवा ग्लिमेपिराईडसारखी गोळी चालू असताना कर्बोदके एकदम कमी केली तर साखर धोक्याच्या खाली, म्हणजे ७० च्या खाली जाऊ शकते. आधी डॉक्टरांना सांगा, डोस तेच ठरवतील. डापाग्लिफ्लोझिन, एम्पाग्लिफ्लोझिन या गोळ्या घेणाऱ्यांनी तर कर्बोदके अगदी बंद करूच नयेत. साखर फारशी वाढलेली नसतानाही रक्तात आम्ल वाढून जिवावर बेतू शकते. क्रिएटिनिन वाढलेल्यांनी कोंबडी किती खायची हे विचारून घ्यावे. गरोदर बायका आणि वाढत्या वयाची मुले यांच्यासाठी हे पथ्य नाही. शुद्ध हरपलेल्या माणसाच्या तोंडात साखरपाणी ओतू नका, ते श्वासनलिकेत जाते. सरळ दवाखाना गाठा. आणि भेंडी रात्रभर भिजवून तिचे पाणी पिऊन मधुमेह बरा होतो असे कुणी मोबाईलवर पाठवले तर ऐकून घ्या आणि गोळी वेळेवर घ्या.

दादांच्या डॉक्टरांनी त्यांची रात्रीची गोळी निम्म्यावर आणली आणि जेवणात अर्धी भाकरी पुन्हा घातली. गेल्या रविवारी आमच्याकडेच जेवले. भेंडी दुसऱ्यांदा मागून घेतली, अर्धी भाकरी चुरून खाल्ली, आणि दोन तासांनी स्वतःच बोट टोचून मला यंत्र दाखवले. १४८.