कर परत मिळतो, पण कुणाच्या नावावर?

मैत्रिणींनो, सांभाराची जुडी दहाला की पंधराला, यावर आठवडी बाजारात आपण भाजीवालीशी पाच पाच मिनिटं हुज्जत घालतो. पण हजारोंची वस्तू घेताना त्यात कर किती आणि बिल कुणाच्या नावाचं, हे आपण विचारतो का? मीही विचारत नव्हते. माझ्या मोठ्या जाऊबाई सिंगापूरला जाऊन आल्या आणि माझे डोळे उघडले.

आमच्या नांदगाव खंडेश्वरसारख्या तालुक्याच्या गावातूनही हल्ली लोक परदेशी सहलीला जातात. बडनेऱ्याहून मुंबईची गाडी धरायची, तिथून विमान. जाऊबाई घरी ब्लाऊज शिवतात, साड्यांना पिको-फॉल करून देतात. त्यातून भिशी लावून त्यांनी वीस हजार रुपये साठवले होते. सिंगापुरात त्यांनी शिलाईचं छोटं विजेवरचं मशीन घेतलं, २१८ डॉलरचं. दुकानदारानं विचारलं, "पासपोर्ट?" दोघांचेही पासपोर्ट भाऊजींच्या कमरेच्या पाकिटात. त्यांनी आपला काढून दिला. विमानतळावर करापोटी दिलेली रक्कम परत आली, ती भाऊजींच्या कार्डावर जमा झाली. बिलही त्यांच्याच नोंदीचं.

घरी आल्यावर जाऊबाई मला म्हणाल्या, "पैसे माहे, मशीन माही, अन् कागदावर नाव त्यायचं. असं काऊन वं?"

रक्कम फार नव्हती, हजार रुपयांच्या आसपास. भाऊजींच्या मनातही काही वावगं नव्हतं. पण जाऊबाईंचा प्रश्न मला झोपू देईना. मी अर्धवेळ शिक्षिका, सातवीच्या वर्गाला शेकडेवारी शिकवते. म्हटलं, हा विषय एकदा नीट समजून घ्यावा आणि तुम्हालाही सांगावा.

कर परत का देतात?

आधी मूळ मुद्दा. वस्तूवरचा कर ती वापरणाऱ्यानं, जिथं ती वापरली जाते तिथं द्यायचा, असं या कराचं तत्त्व आहे. ज्या गावची पंगत, त्या गावची वर्गणी. पाहुणी बाई वस्तू घेऊन आपल्या देशी निघून जाणार असेल तर तो माल निर्यात झाल्यासारखाच. म्हणून काही देश तिनं भरलेला कर जाताना परत करतात. जेवणाचं, हॉटेलच्या खोलीचं, टॅक्सीचं बिल मात्र यात धरत नाहीत, कारण ते सारं तिथंच वापरून झालं.

विक्रीवरचा कर आपल्याला नवा नाही, बरं का. १९३८ साली मध्यप्रांत व वऱ्हाडच्या विधिमंडळानं पेट्रोल आणि वंगणाच्या किरकोळ विक्रीवर कर बसवला. प्रांताला असा कर घेता येतो का, यावर प्रकरण थेट दिल्लीच्या फेडरल कोर्टात गेलं आणि कोर्टानं प्रांताच्या बाजूनं कौल दिला. म्हणजे विक्रीकराच्या इतिहासात आपल्या वऱ्हाडाचं नाव अगदी सुरुवातीला आहे. पुढं राज्यात १९५९ चा मुंबई विक्रीकर कायदा झाला, १ एप्रिल २००५ पासून व्हॅट आला आणि १ जुलै २०१७ पासून जीएसटी.

बिलातला कर कसा काढायचा?

इथं भल्याभल्यांची चूक होते. सिंगापुरात कर ९ टक्के आहे (१ जानेवारी २०२४ पासून). मग २१८ चे ९ टक्के काढायचे का? नाही. किमतीत कर आधीच मिळवलेला असतो. १०० ची वस्तू १०९ ला मिळते. म्हणून २१८ ला ९ नं गुणायचं आणि १०९ नं भागायचं, उत्तर १८ डॉलर. यातूनही मधल्या कंपनीचं सेवाशुल्क कापून बाकीचे हाती येतात.

हीच रीत घरीही चालते. १८ टक्के जीएसटी असलेली वस्तू २३६ रुपयांना घेतली तर तिच्यात कर ३६ रुपये.

कुठं मिळतो, कुठं नाही

सिंगापूर: करासह किमान १०० डॉलरची खरेदी हवी. एकाच दुकानातली त्याच दिवशीची तीनपर्यंत बिलं एकत्र धरता येतात. खरेदीपासून दोन महिन्यांच्या आत विमानानं देश सोडायला हवा. एक गोष्ट विशेष लक्षात ठेवा. पुष्कळ सहली सिंगापूरहून बसनं मलेशियात जातात आणि परतीचं विमान तिथून धरतात. बसनं सीमा ओलांडली तर सिंगापूरचा कर परत मिळत नाही. खरेदीआधीच सहलीच्या व्यवस्थापकाला विचारून घ्या.

थायलंड: कर ७ टक्के. एका दुकानात एका दिवशी किमान २,००० बाथची खरेदी हवी. पासपोर्ट दाखवून दुकानातच, त्याच दिवशी फॉर्म भरून घ्यायचा. हॉटेलवर आल्यावर आठवण झाली तर उपयोग नाही.

दुबई: तिथं ५ टक्के व्हॅट १ जानेवारी २०१८ ला आला आणि पर्यटकांना परतावा त्याच वर्षी नोव्हेंबरपासून. एका बिलात किमान २५० दिरहमची खरेदी हवी. भरलेला सगळा कर परत येत नाही, काही हिस्सा कापला जातो.

लंडन: इथं कर चांगला २० टक्के. पण इंग्लंड, स्कॉटलंड आणि वेल्समध्ये पर्यटकांना कर परत देण्याची ही सोय १ जानेवारी २०२१ पासून बंद झाली. जुन्या प्रवाशांच्या सांगण्यावर विसंबून राहू नका.

अमेरिका: लेकाकडं किंवा लेकीकडं जाणाऱ्या आईबाबांसाठी हे खास. तिथं सबंध देशाचा असा एक विक्रीकर नाही. प्रत्येक राज्याचा वेगळा, आणि किमतीच्या चिठ्ठीवर तो धरलेला नसतो, पैसे देताना वर लागतो. आपली पुष्कळ मराठी कुटुंबं न्यू जर्सीत आहेत. तिथं दर ६.६२५ टक्के, म्हणजे १० डॉलरच्या वस्तूला १०.६६ द्यावे लागतात. हा कर पाहुण्यांना परत मिळत नाही. पण न्यू जर्सीत नेहमीच्या कपड्यांवर हा करच नाही! तेव्हा नातवंडांचे कपडे तिथं खुशाल घ्या.

आणि आपला देश? आपल्याकडं येणाऱ्या परदेशी पाहुण्यांना कर परत द्यावा असं कलम १५ मध्ये लिहिलेलं आहे, २०१७ च्या एकात्मिक जीएसटी कायद्यात. पण बाकीची कलमं अमलात आली तेव्हा हे मागं ठेवलं गेलं.

विमानतळावर सांभाळायचं

जाऊबाईंच्याच सहलीतल्या एका बाईंची गंमत ऐका. गंमत कसली, फजितीच! त्यांनी घड्याळं, पर्स असं सारं मोठ्या बॅगेत भरलं आणि बॅग विमान कंपनीच्या स्वाधीन केली. मग कर परत घ्यायला गेल्या, तर अधिकारी म्हणाले, "वस्तू दाखवा." वस्तू पुढं निघून गेलेल्या. बाई हात हलवत परत आल्या.

म्हणून हा क्रम पाठ करा. मोठ्या बॅगेत जाणाऱ्या वस्तूंचं करपरतीचं काम बॅग देण्याआधी करायचं. वस्तू नव्याच्या नव्या, न वापरलेल्या ठेवायच्या. बिलं, फॉर्म आणि पासपोर्ट एकाच पाकिटात, आणि ते पाकीट आपल्या खांद्यावरच्या पर्समध्ये. रांग असते, तेव्हा तासभर आधी पोचायचं.

तिकडं कर परत मिळाला म्हणजे इकडं सीमाशुल्क माफ झालं असं नव्हे. भारतात परतताना ठरावीक किमतीपर्यंतच्याच वस्तू बिनशुल्क आणता येतात. २०१६ च्या नियमांत ती मर्यादा ५०,००० रुपये होती. सरकार ती बदलत असतं, म्हणून निघण्यापूर्वी चालू आकडा पाहून घ्या. त्याच नियमांत बायकांना ४० ग्रॅम दागिन्यांची सवलत दिलेली होती, पण ती वर्षाहून जास्त परदेशी राहिलेल्यांना, आठ दिवसांच्या सहलीला नव्हे. अंगावरचे आपलेच दागिने नेणार असाल तर जाताना विमानतळावरच्या कस्टमकडून तसा दाखला घ्या, म्हणजे येताना "हे तिकडं घेतलं का?" हा प्रश्न उरत नाही.

आता आपल्या घरची बिलं

तुम्ही म्हणाल, आम्हाला कुठं परदेशी जायचंय! खरं आहे. पण जाऊबाईंच्या प्रश्नानंतर मी घरातली बिलांची पिशवी काढून बसले. फ्रीज, मिक्सर, कपाट, सगळी बिलं ह्यांच्या नावाची. माझ्या पगारातून घेतलेल्या सोन्याच्या बांगड्यांचं बिलसुद्धा! दुकानात मी शेजारीच बसले होते. सराफानं नाव विचारलं ते ह्यांना, आणि मीही गप्प राहिले. दोष कुणा एकाचा नाही, सवयीचा आहे.

बाईच्या हाती आलेली मालमत्ता ही तिच्या पूर्ण मालकीची, असं १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याचं कलम १४ सांगतं. पण वस्तू आपली हे दाखवायची वेळ आली तर कागद बोलतो, आणि आपला कागद मुका असतो. देव करो नि तशी वेळ कुणावर न येवो. पण छत्री पाऊस येण्याआधीच घ्यायची असते.

तेव्हा यापुढं एवढं करा. सराफाकडं "कच्चं की पक्कं?" असं विचारलं तर पक्कंच मागा, आणि ज्या बाईचे पैसे तिचं नाव घालून घ्या. बिलावर दुकानाचा पंधरा अक्षर-अंकांचा जीएसटी नंबर पाहा, आपल्या राज्याचा २७ पासून सुरू होतो. पाकिटावरच्या छापील किमतीत सगळे कर आलेले असतात, "वरून जीएसटी" कुणी मागितला तर देऊ नका. ठोक कर भरणाऱ्या, म्हणजे कंपोझिशन योजनेतल्या दुकानदाराला गिऱ्हाइकाकडून वेगळा कर घेता येत नाही. त्याच्या बिलावर तसं लिहिलेलं असावं लागतं. आणि कर कमी झाला की किंमत उतरली का तेही बघा. २२ सप्टेंबर २०२५ पासून साबण, टूथपेस्ट, केसांचं तेल १८ वरून ५ टक्क्यांवर आलं आहे.

परवा जाऊबाईंनी मशीनला लागणारी मोटर अमरावतीहून मागवली. दुकानदारानं फोनवर नाव विचारलं. भाऊजी तिथंच बसले होते. त्यांनी फोन जाऊबाईंच्या हाती दिला आणि म्हणाले, "तुह्यं नाव सांग."

जाऊबाईंनी सांगितलं, अगदी आडनावासकट. बिल आता देवघराच्या फळीवरच्या डब्यात आहे. तुमच्या घरची पिशवी तुम्ही कधी उघडताय?