कात्रीपूर्वी काडी ओळखावी

दिवाळीला बाग नीटनेटकी दिसावी म्हणून पुष्कळ जण सरसकट कात्री चालवतात आणि पुढे मोहोर येत नाही म्हणून मातीला दोष देतात. दोष मातीचा नव्हे, वेळेचा असतो.

काही झाडे जुन्या काडीवर फुलतात, काही नव्या फुटीवर. थंड हवेतील हायड्रेंजियाचे बरेच प्रकार पहिल्या वर्गातले. आणि आपल्या परसातला आंबाही त्यातलाच! त्याचा मोहोर पक्व डहाळीच्या शेंड्याला येतो. ती डहाळी कार्तिकात छाटली, की मोहोरच छाटला गेला. आंब्याला कात्री लावायची ती फळे उतरल्यावर.

गुलाबाचे उलट आहे. तो नव्या फुटीवर फुलतो. पाऊस ओसरला, की ऑक्टोबरात वाळक्या, किडक्या काड्या काढाव्यात. निरोगी काडी बाहेर तोंड असलेल्या डोळ्याच्या किंचित वर तिरपी कापावी. सहा-सात आठवड्यांत फुले येतात.

वरुड-मोर्शीचा संत्रेवाला आंबिया बहारासाठी बागेला ताण देतो, तसे मोगऱ्याचे पाणी डिसेंबरात तोडावे. जानेवारीत छाटून, शेणखत घालून पाणी सुरू केले, की उन्हाळ्यात ओंजळी भरतात.

मात्र अकोला-अमरावतीचा पारा ४५ अंशांकडे धावू लागला, की कात्री खुंटीला टांगावी. तेव्हा पानांची सावलीच खोडाला उन्हापासून राखते, आणि नव्या कोवळ्या फुटीला पुरेल इतके पाणी आपल्या विहिरीत नसते.