रंगाची बादली आणि दुकानाची पत

माल खरा दिला, माप पुरे भरले, की व्यापाऱ्याचे कर्तव्य संपले, अशी आपल्यापैकी पुष्कळांची समजूत असते. आमचीही होती.

एका वर्षी दिवाळीच्या तोंडावर एका जुन्या गिऱ्हाइकाने दिवाणखान्यासाठी आमच्याकडून २० लिटर रंगाची बादली नेली. तिसऱ्या दिवशी ते गृहस्थ संतापून दुकानी आले. एक भिंत फिकी, दुसरी गडद! “भेसळीचा माल दिलात,” असे ते चारचौघांदेखत बोलले. आम्ही त्यांच्या घरी जाऊन बादलीत पट्टी घातली, तो तळाशी जाड थर तसाच बसलेला. रंगाऱ्याने बादली न ढवळताच काम आरंभिले होते.

रंग म्हणजे द्रवात मिसळलेली भुकटीच होय. पांढऱ्या रंगातील टायटॅनियम डायऑक्साइड पाण्याच्या सुमारे ४ पट जड असते. बादली काही महिने एका जागी राहिली की ते हळूहळू खाली बसते व वर पातळ द्रव राहतो.

यावर उपाय सोपा आहे. वरचा सुमारे एकतृतीयांश पातळ भाग दुसऱ्या स्वच्छ बादलीत काढावा. रुंद, चपट्या लाकडी पट्टीने तळ व कडा खरवडून गाळ वर आणावा. काढलेला भाग थोडाथोडा परत घालीत ढवळावे. शेवटी या बादलीतून त्या बादलीत असे चारपाच वेळा ओतावे. पट्टीवरून ओघळणारी धार एकरंगी दिसली व तळाला काही लागले नाही, म्हणजे रंग एकजीव झाला. पाण्याचा रंग जोराने घुसळू नये. फेस होऊन भिंतीवर बुडबुडे उठतात. तेलरंगावर साय धरली असल्यास ती अलगद काढून टाकावी, आत मोडू नये. मग रंग फडक्यातून गाळावा. पाणी अथवा टर्पेंटाइन घालणे ते ढवळल्यानंतरच, डब्यावर छापलेल्या प्रमाणात. आपल्या घरी पाणी गाळूनच घेण्याची रीत आहे. रंगात घालायचे पाणीही गाळलेलेच असावे, व बादली उघडी टाकू नये, म्हणजे जीवजंतूही वाचतील. एका खोलीस अनेक बादल्या लागणार असतील, तर त्या आधी मोठ्या पिंपात एकत्र कराव्या.

खोटे माप व भेसळ यांची गणना आपल्या शास्त्रकारांनी अचौर्याणुव्रताच्या अतिचारांत केली आहे. यांपैकी एकही दोष आमच्या हातून घडला नव्हता. तरीही, जाणत असून आम्ही सांगितले नाही, ही आमची चूकच होती. म्हणून त्या गृहस्थांस दुसऱ्या हातापुरता रंग आम्ही विनामूल्य दिला. ते आजही आमचेच गिऱ्हाईक आहेत.

तेव्हापासून बादलीबरोबर एक लाकडी पट्टी द्यावयाची आणि दोन शब्द सांगावयाचे, हा आमच्या दुकानाचा नेम आहे. पट्टीस खर्च तो किती? पण तिच्यामुळे दुकानाची पत राहते, असा आमचा अनुभव आहे.